परतीची फेरी

रविवार, २३ फेब्रुवारी. नांदेड, विहारामागचं सभागृह. दिवंगत यशवंत हनमंते यांच्या पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम.

हजर: त्यांच्या पत्नी विमलताई, मुलगी संघमित्रा, जावई. जनरेटरवाला रफिक. एसटीतले त्यांचे जुने सहकारी, बरेच. नांदेड-लातूरकडच्या शूटिंगला लागणारी माणसं, म्हणजे स्वयंपाकी, गाडीवाले, मंडपवाले. जळकोटजवळच्या हिप्पळवाडीचे किराणा दुकानदार मन्मथप्पा आणि त्यांच्या पत्नी महानंदाबाई, गाड्या बदलत आलेले. मी, अनिता बिराजदार, लातूर.

गैरहजर: एका अडकून पडलेल्या मराठी चित्रपटाचे दोन्ही भागीदार निर्माते. दोघांनाही मी स्वतः फोन करून कळवलं होतं.

वंदना झाली, भन्तेजी बोलले, पंगत बसली. मन्मथप्पांचा डावा डोळा साखरेच्या आजारात गेला आहे. उजव्यानं जवळचं थोडं दिसतं. महानंदाबाईंनी त्यांच्या ताटातली खीर हळूच आपल्याकडे ओढली.

"सरकवलीस व्हय?" मन्मथप्पांनी ताट चाचपलं.

"साखर हाय त्यात."

"कंट्रोलरची खीर हाय. एक घास तरी दे." घास खाऊन झाल्यावर ते सगळ्या पंगतीला ऐकू जाईल असं म्हणाले, "कंट्रोलर तर गेले. आता आमचं ते कोण दाखवणार हाय?"

"आवो, जेवा की गप. हितं इचारायचं हाय का ते?"

वाढणारे थांबले. रफिकनं माझ्याकडे पाहिलं, मग बाकीच्यांनीही. मी म्हणाले, "मी दाखवेन, आप्पा."

कंट्रोलर म्हणजे हनमंते, आणि 'आमचं ते' म्हणजे त्या अडकलेल्या चित्रपटातला मन्मथप्पांचा प्रसंग. त्यात त्यांचं एक वाक्य आहे. चित्रपट पुरा झाला की गावात आणून दाखवतो, असा शब्द हनमंतेंनी दिला होता. मन्मथप्पांची नजर आहे तोवर तो पाळायचा होता आणि पाळून झाला नव्हता. त्या दिवशी हे काम माझ्याकडे आलं. ते हनमंतेंना इतकं महत्त्वाचं का होतं, हे सांगायचं तर आधी हनमंते सांगायला हवेत.

ते किनवटकडचे. नोकरी नांदेडच्या बसस्थानकावर, वाहतूक नियंत्रकाची. आपल्याकडे त्याला कंट्रोलर म्हणतात. खिडकीत बसून गाड्या लावणं, सोडणं आणि भोंग्यावर पुकारणं. एकदा एका चित्रपटाची मंडळी स्थानकावर शूटिंग करायला आली आणि अर्धा दिवस गाड्या थांबवून मागू लागली. हनमंतेंनी एकही गाडी थांबवली नाही. कोणता फलाट कधी रिकामा असतो ते सांगून दोन गाड्यांच्या मधल्या वेळात शूटिंग उरकून दिलं. निर्मात्यानं जाताना नंबर घेतला. पुढे त्यांनी मुदतीआधी निवृत्ती घेतली आणि पूर्ण वेळ हेच काम धरलं. चित्रपटाच्या धंद्यातही या कामाला प्रॉडक्शन कंट्रोलरच म्हणतात. "गाडी बदलली," ते म्हणायचे, "पाटी तीच."

हे काम म्हणजे पडद्यावर जे दिसत नाही ते सगळं. माणसं कुठे राहतील, काय खातील, कशात बसून येतील, परवानगी कोणाची, लाईट कुठून, पाणी कुठून, आणि आवाज नोंदवताना गावाला गप्प कोण करणार. दिग्दर्शकाला ढग हवे असतात, तेही काही वेळा कंट्रोलरकडेच मागितले जातात.

माझी त्यांची ओळख लातूरला झाली. मी एका शिकवणीच्या वसतिगृहाचं कार्यालय सांभाळत होते. मे महिन्यात परीक्षा संपल्या की इमारत रिकामी पडायची. हनमंते युनिट उतरवायला जागा बघत आले. पांढरा पूर्ण बाह्यांचा शर्ट, कॅनव्हासचे बूट, हातात बिनसाखरेच्या चहाचा थर्मास. खोल्या दाखवते म्हटलं तर म्हणाले, "खोल्या राहू द्या. बायांचे न्हाणीघर-संडास दाखवा." ते पाहून झाल्यावर नळ सोडून पाहिले, कड्या लावून पाहिल्या. मग माझ्या टेबलामागचा किल्ल्यांचा फळा दिसला. मजल्याप्रमाणे रंग, खोलीप्रमाणे खिळा.

"हे कोणी केलं?"

"मी."

"जूनपर्यंत तुम्ही काय करून राहिल्या?"

"काही नाही. बसूनच."

"मग बसू नका."

एवढीच माझी मुलाखत. तेव्हा मी पस्तिशीच्या आतबाहेर होते आणि घरी दुसरी मिळकत नव्हती. पहिल्याच आठवड्यात एका दिग्दर्शकानं गाडीवाल्यांवर एखादा पुरुष माणूस नेमा असं सुचवलं. हनमंते शांतपणे म्हणाले, "गाडीवाल्यांना यांचं बोलणं समजून राहिलं. तुम्हाला समजत नसलं तर तुम्हाला एक माणूस देतो." आज मी हेच काम करते आणि घर त्यावर चालतं. त्याचं सगळं श्रेय त्या एका वाक्याला देता येणार नाही, पण सुरुवात तिथून आहे.

त्यांच्या सवयी साध्या होत्या आणि बदलत नसत. फोन उचलला की आधी ठिकाण सांगायचे: "बोला, चाकूर, पेट्रोल पंपासमोर." सगळे जेवल्यावर जेवणारा असा त्यांचा लौकिक कोणी केला तर ते तो खोडून काढत. ते सगळ्यात आधी जेवायचे. "भाजी खारट झाली का, हे शंभर माणसांना कळण्याआधी मला कळलं पाहिजे." खुर्चीवर बसलेले क्वचितच दिसायचे. एसटीच्या खिडकीत आयुष्यभराचं बसून झालं, असं त्यांचं म्हणणं.

त्यांच्या बोलण्यानं एकदा मोठा घोटाळा झाला. लातूरबाहेरच्या मंगल कार्यालयात लग्नाच्या वरातीचा प्रसंग होता. बँजो पार्टी अहमदपूरहून यायची होती. पुण्याच्या सहायक दिग्दर्शकानं फोन केला, "काका, बँजोवाले आले का?"

"येऊन राहिले," हनमंते म्हणाले.

सहायकानं आत जाऊन सांगितलं की बँजोवाले आले आणि राहिलेसुद्धा. कुठे राहिले, असं दिग्दर्शकानं विचारल्यावर तो माझ्याकडे त्यांच्या खोलीचा नंबर मागायला आला. मी म्हटलं, माझ्याकडे कोणीच उतरलेलं नाही. तोवर नवरदेवाला घोड्यावर चढवलं होतं. घोडा उन्हात, नवरदेव घामात, मागे वऱ्हाड, आणि वाजवायला कोणी नाही. रफिक जनरेटरला टेकून म्हणाला, "दुल्हा चढ गया, बाजा कब का ठहर गया!"

हनमंते आले. प्रकार समजल्यावर चिडले नाहीत. कर्णा घेतला आणि अगदी स्थानकावरच्या आवाजात पुकारलं, "अहमदपूरहून लातूरकडे येणारी बँजो पार्टी चाकूरच्या पुढे आली असून थोड्याच वेळात मांडवासमोर लागेल. नवरदेवांनी घोड्यावरून उतरून घ्यावं." सगळं वऱ्हाड हसलं, घोडासुद्धा सावलीत गेला. नंतर त्यांनी पुण्याच्या मंडळींना जवळ बोलावून समजावलं, "आमच्याकडे 'राहिलो' मनलं की माणूस चालू आहे समजायचं. थांबला असं समजू नका."

कुठलीही जागा पक्की करण्याआधी त्यांचा एक प्रश्न असे: "तकलीफ कुणाला होणार?" परवानगी कोणाची लागते हे कागदावरून कळतं. तकलीफ कोणाला होईल हे फिरूनच कळतं. आदल्या दिवशी ते त्या गल्लीत घरोघर जायचे. आपल्याकडे पाहुण्याला तकलीफ कोणी सांगत नाही. सगळे म्हणतात, होऊ द्या की, काही हरकत नाही, चहा घ्या. म्हणून हनमंतेंचा नियम होता: जो चहा घेऊन बाहेर येतो त्याला विचारायचं नाही. जो घरात असून बाहेर येत नाही, त्याला विचारायचं.

औशाला एका गल्लीत असंच झालं. घरमालक खूष, मालकीणबाई खूष, जनरेटर आमच्या अंगणातच लावा म्हणाल्या. हनमंतेंनी चहा घेतला आणि विचारलं, "आतल्या खोलीत कोण आहे?" मुलगी होती. मेडिकलच्या परीक्षेला दुसऱ्यांदा बसणार होती. दाराआडूनच म्हणाली, "काका, उद्या माझी सराव परीक्षा आहे, घरीच देणार आहे. पण आईला सांगू नका, तिला शूटिंग पाहायचंय."

जनरेटर गल्लीबाहेर, पार मैदानाच्या पलीकडे गेला. तिथून केबल ओढायची होती. दिग्दर्शक घड्याळ दाखवत होता, रफिक कुरकुरत होता. "काका, एक लडकी के वास्ते इतनी केबल?"

"दोघी असत्या तरी केबल इतकीच लागली असती, रफिक. उचल."

ती मुलगी पुढे पास झाली का, आम्हाला माहीत नाही. हनमंतेंनीही कधी चौकशी केली नाही. त्यांच्या लेखी तो विषय केबल गुंडाळली तेव्हाच संपला होता.

एक विषय मात्र ते कधी संपला म्हणत नसत. काम घेताना निर्मात्याला त्यांची एकच अट असे: चित्रपट पुरा झाला की ज्या गावात केला त्या गावाला दाखवायचा, तिथेच, फुकट. याला ते परतीची फेरी म्हणत. गाडी गावात नेऊन सोडली म्हणजे काम झालं असं कंट्रोलरला म्हणता येत नाही. ती परत आली की फेरी पुरी. "आपण त्यांचं घर घेऊन जातो, अंगण घेऊन जातो, तोंडं घेऊन जातो," ते म्हणाले होते. "नेलेलं आणून दाखवलं पाहिजे."

अशा फेऱ्यांना मी बऱ्याचदा सोबत गेले. पांढरा पडदा, भाड्याचा प्रोजेक्टर, देवळासमोर किंवा समाजमंदिराच्या पटांगणात. चित्रपट कोणी पाहायचं नाही. पडद्यावर नायिका रडत असायची आणि खाली कल्ला चालायचा, "ती म्हैस आमची! शिंगावरून वळखली मी!" "मागं घ्या, मागं घ्या, भितीवर आमच्या बापूचं नाव दिसून गेलं!" हनमंते खरोखर मागे घ्यायला लावायचे. बापूंचं नाव दोनदा दाखवल्यावरच कथा पुढे सरकायची. अहमदपूरजवळच्या एका गावात एक म्हातारी भर चित्रपटात उठून भांडायला आली. तिच्या घरात नायिकेचे वडील वारतात असा प्रसंग होता. "माझ्या घरात दुसऱ्याचाच बाप आणून मारला व्हय रे! मला सांगितलं का?" तिला खरंच सांगितलं नव्हतं. हनमंते पडद्याकडे पाठ करून तिच्यापाशी जमिनीवर बसले. पुढचा सगळा चित्रपट ते तिची समजूत घालत होते आणि ती त्यांना आपले खरे वारलेले लोक मोजून दाखवत होती.

आता हिप्पळवाडी.

त्या चित्रपटात एक मुलगी गूळ मागायला दुकानात येते आणि दुकानदार म्हणतो, "गूळ संपला." एवढाच प्रसंग. दुकान मन्मथप्पांचं निवडलं आणि दिग्दर्शकाला त्यांचा चेहराही आवडला. विभूतीचे पट्टे, गळ्यात लिंग, गल्ल्यामागे ताठ बसणं. तुम्हीच वाक्य म्हणा, असं ठरलं. सारं गाव समोर जमलं. कॅमेरा सुरू झाला, मुलगी आली, गूळ मागितला. मन्मथप्पा गप्प.

पुन्हा केलं. पुन्हा गप्प. तिसऱ्या वेळेला ते म्हणाले, "किती देऊ?"

दिग्दर्शक हात जोडून म्हणाला, "आप्पा, गूळ संपला म्हणायचंय."

"पर संपला न्हाई ना. ही काय ढेप." त्यांनी मागे बोट केलं.

"अहो, ती कॅमेऱ्यात दिसत नाही."

"ह्या लोकान्ला दिसायली की. समदी माझी गिऱ्हाईकं हायत. उद्या कुणी मनलं, आप्पा माल दडवून न्हाई मनतो, तर?"

महानंदाबाई आतून म्हणाल्या, "आवो, खोटं-खोटं बोलायचं हाय."

"खोटं-खोटं बी खोटंच की."

दिग्दर्शकानं दुसरा माणूस बसवायची तयारी केली. हनमंते पुढे आले. समजूत वगैरे घातली नाही. गुळाचा भाव विचारला, दुकानातला सगळा गूळ विकत घेतला, ढेपा बाहेर काढून दगडानं फोडल्या आणि जमलेल्या प्रत्येकाच्या हातावर खडा ठेवला. गाव गूळ खात उभं राहिलं. मग ते दुकानाच्या पायरीशी येऊन म्हणाले, "आप्पा, आता?"

मन्मथप्पांनी मागे वळून रिकामा कोपरा नीट पाहिला. मुलगी आली, गूळ मागितला. मन्मथप्पा मोठ्या समाधानानं म्हणाले, "गूळ संपला." एका फटक्यात झालं. टाळ्या पडल्या. कॅमेरामननं सांगितलं की इतकं खरं वाक्य या चित्रपटात दुसरं नाही.

हनमंतेंनी निघताना शब्द दिला, "आणून दाखवतो."

मग दोन्ही भागीदारांचं बिनसलं आणि चित्रपट संकलनाच्या खोलीतच राहिला. दोघांच्या सहमतीशिवाय त्यातला तुकडासुद्धा बाहेर काढायचा नाही, असं त्यांच्यात ठरलं. इकडे मन्मथप्पांचा डावा डोळा गेला. हिप्पळवाडीवरून कोणीही आलं की महानंदाबाईंचा निरोप असायचा, "जलमभर गिऱ्हाईकाला माल न्हाई मनले न्हाईत. एकदा मनले, ते बघायचं मनतेत. डोळा हाय तवर दाखवा."

हनमंते पुण्याला किती वेळा गेले, मी मोजलं नाही. एक भागीदार म्हणायचा, त्यानं हो म्हटलं तर माझं हो. दुसरा म्हणायचा, बघू. संकलकाला दया आली. तो म्हणाला, "काका, मी तेवढा प्रसंग मोबाईलवर काढून देतो, कोणाला कळणार आहे?" मी सोबत होते. खरं सांगते, मी लगेच हो म्हटलं असतं. काम होणं महत्त्वाचं, अशी माझी रीत. हनमंते खोलीच्या बाहेर आले, थर्मास उघडला, चहा ओतला आणि प्यायले नाहीत.

"त्या माणसानं खोटं-खोटंसुद्धा खोटं मनलं," ते म्हणाले. "त्याला चोरून आणलेलं दाखवू? आणि त्यानं विचारलं, कसं आणलं, तर काय सांगू?"

मोबाईलचा विषय तिथे मिटला. माझ्या मनात तो अजूनही पूर्ण मिटलेला नाही, पण माझ्याकडे काम आलं आहे ते त्यांच्या अटींसकट आलं आहे.

त्यांना मी शेवटचं पाहिलं ते हिप्पळवाडीतच. दिवाळी झाली होती. गुडघे दुखत होते, श्वास लागत होता, विमलताई नको म्हणत होत्या. फोनवर सांगा की, मी म्हटलं. "गाडी उशिरा असली तर खिडकीत येऊन सांगावं लागतं," ते म्हणाले. मी गाडी चालवत घेऊन गेले.

दुकानाच्या पायरीवर मन्मथप्पा बसले होते. त्यांच्याशेजारी टेकून हनमंतेंनी सरळ सांगितलं, "आप्पा, अजून झालं नाही."

"मंजी न्हाईच मना की."

"नाही मनत नाही. झालं नाही मनतो."

मन्मथप्पा म्हणाले, "आन् तुमी आणलं तवर मला दिसलं पायजे ना, कंट्रोलर."

हनमंते उठले. महानंदाबाईंकडून एक धुतलेलं पांढरं धोतर मागून घेतलं. ते दोन्ही हातांत ताणून धरलं आणि समोरच्या भिंतीशी जाऊन उभे राहिले. "आप्पा, दिसून राहिलं का?"

"काय?"

एक पाऊल पुढे आले. "आता?"

"पांढरं काय तर हाय."

आणखी पुढे. धाप लागली होती. मी धोतर घ्यायला गेले तर मानेनंच नको म्हणाले. "आता?"

"कडा दिसायली. तुमचं डोकं बी दिसायलंय."

"डोकं झाकतो. चित्र दिसलं पाहिजे, डोकं नाही." त्यांनी धोतर वर उचललं. कापडामागे फक्त कॅनव्हासचे बूट उरले, आणि ते अर्ध्या पावलानं पुढे सरकले. "आता?"

"हां. हितं. हितं ठिवा."

त्या जागी मी विटेनं जमिनीवर रेघ ओढली.

आजची स्थिती अशी. एका भागीदाराचा होकार मी लेखी घेतला आहे. दुसऱ्यानं येत्या आठवड्यात पुण्याला भेटायला बोलावलं आहे. प्रोजेक्टर आणि पडदा तयार आहेत, रफिक जनरेटर फुकट आणणार आहे. दुसऱ्याचा होकार बाकी आहे. परवा महानंदाबाईंचा फोन आला होता. ती रेघ आता एक पाऊल अलीकडे घ्यावी लागेल, असं त्यांनी कळवलं आहे.